चोपत्याच्या फर जंगलात ग्रोसबीकचं घरटं

रविवार : ऋषिकेश ते चोपता

चोपता हे गढवाल हिमालयातलं ठिकाण. ऋषिकेशहून पहाटे निघूनही रुद्रप्रयाग गाठेपर्यंत उन्हं डोक्यावर आली होती. मे अखेर म्हणजे यात्रेचा भर. अगस्त्यमुनीपर्यंत गाड्यांची रांग हलत नव्हती. कुंडला मात्र रस्ता फुटतो. सगळी गर्दी गुप्तकाशी-केदारनाथकडे जाते आणि उखीमठच्या चढणीला लागलं की वाट मोकळी. उखीमठ साधारण १३०० मीटरवर, चोपता २७०० च्या आसपास. एवढ्या चढणीत जंगल मजल्यामजल्याने बदलत जातं. खाली चीड म्हणजे पाइन, मग बांज ओक आणि बुरांश म्हणजे ऱ्होडोडेंड्रॉन, त्यावर मोरू हा दुसरा ओक, आणि दुगलबिट्टा मागे पडला की खर्सूचे काळपट ओक आणि त्यांच्या डोक्यावरून वर निघालेले सूचिपर्णी फर. गढवालीत फरला रागा म्हणतात.

आम्ही आलो होतो ते फिंच या जाड चोचीच्या, बिया खाणाऱ्या पक्ष्यांच्या कुळाची वीण बघायला, त्यातही मुख्यतः ब्लॅक-अँड-यलो ग्रोसबीकची. दख्खनच्या माणसाला या कुळाची ओळख तशी कमीच. माळावर गवताच्या बिया टिपणाऱ्या मुनिया दिसायला तशाच, पण त्यांचं कूळ वेगळं. खरा फिंच आपल्याकडे येतो तो हिवाळ्यात, कॉमन रोझफिंच, आणि घरटं करायची वेळ झाली की तोही निघून जातो. त्यामुळे फिंचचा संसार बघायचा तर हिमालय गाठण्यावाचून इलाज नाही.

मुक्कामाच्या खोलीत सौरदिवे होते, ते नऊ वाजता मंदावले. थंडी अशी की पांघरुणाबाहेर हात काढवेना.

सोमवार : रस्त्याखालचं जंगल

आमचा वाटाड्या जवळच्या मंडल गावचा तरुण मुलगा. तो आम्हाला भैजी म्हणजे थोरला भाऊ म्हणायचा, आम्ही त्याला भुला, धाकटा भाऊ. केदारनाथ वन्यजीव अभयारण्यात लहानाचा मोठा झालेला. हे अभयारण्य १९७२ सालचं, ९७५ चौरस किलोमीटरचं, मुख्यतः कस्तुरीमृगासाठी राखलेलं. भुलाने आम्हाला रस्त्याच्या खालच्या अंगाला नेलं आणि दुर्बिणी बाहेर काढायच्या आधीच म्हणाला, "भैजी, पंछी बाद में. पहले पेड़ देखो."

झाड बघणं म्हणजे काय, ते सकाळभरात कळलं. फरचे शंकू फांदीवर मेणबत्तीसारखे ताठ उभे असतात. चीडचे शंकू अख्खेच्या अख्खे जमिनीवर पडतात, तसे हे पडत नाहीत. शरदात पिकले की झाडावरच खवलाखवला सुटतो, बिया वाऱ्यावर जातात आणि फांदीवर मधला दांडा तेवढा उरतो. आम्ही पाहिलेल्या शेंड्यांवर गेल्या वर्षीचे असे नुसते दांडेच होते. नव्या शंकूंत खाण्याजोगं बी अजून धरलेलं नव्हतं. मग हा भल्या मोठ्या चोचीचा पक्षी मेमध्ये खातो काय? कोवळे कोंब, कळ्या, किडे, आणि बर्फाखालून उघडं पडलेलं जुनं बी. म्हणून या दिवसांत तो शेंड्यावर गातो, पण जेवायला बऱ्याचदा झुडपात नाही तर जमिनीवर उतरतो. आम्हाला पहिली जोडी दिसली तीही अशीच, रिंगाल या बारीक बांबूच्या बेटाजवळ, पालापाचोळ्यात.

नर काळा आणि पिवळाधमक. डोकं, गळा, पंख, शेपूट काळं. मान, पाठ आणि पोट पिवळं. लांबी २२ सेंटिमीटरच्या आसपास, म्हणजे फिंचमध्ये दांडगाच. मादी अंगभर राखाडी, पोटाकडे आणि कंबरेवर तांबूस-मातकट छटा. दोघं शेजारी बसले नसते तर ही एकाच जातीची जोडी आहे हे कुणाला सांगूनही पटलं नसतं. याच भागात कॉलर्ड ग्रोसबीकही असतो. त्याचा नरही काळा-पिवळाच, म्हणून घोटाळा होतो. भुलाने खूण सांगितली ती मांडीची. ब्लॅक-अँड-यलोच्या मांडीवरची पिसं काळी, कॉलर्डची पिवळी. कॉलर्डच्या मानेवर नारिंगी झाकही असते, पण ती उजेडावर अवलंबून. माद्यांचं तसं नाही. कॉलर्डची मादी हिरवट-पिवळी आणि राखाडी डोक्याची, तिच्याबाबत फसायला होत नाही.

चोचीबद्दल थोडं. डोक्याच्या मानाने ती अवाढव्य, बुडाशी जाड शंकूसारखी, फिकट हिरवट. जोडीतली मादी आमच्यापासून वीसेक पावलांवर एक बी चोचीत धरून बसली होती. वर्मी घाव घालावा तसा एकदम दाब दिला नाही तिने. जिभेने बी फिरवत फिरवत त्याची शिवण चोचीच्या धारेवर आणली, जबडा किंचित आडवा सरकवला आणि टरफल दोन बाजूंना गळून पडलं. याच गटातल्या युरोपातल्या हॉफिंचवर प्रयोग झालेले आहेत. चेरीची कोय फोडायला २७ किलोंच्या पुढे भार लागतो, आणि साठ ग्रॅमसुद्धा वजन नसलेला तो पक्षी ती सहज फोडतो. आमच्या मादीला एवढी मेहनत पडत नसावी.

दहाच्या सुमारास नर फरच्या अगदी टोकावर जाऊन शीळ घालायला लागला. तीन-चार स्वरांची, स्वच्छ, भरदार शीळ, मध्येच 'प्रिर्र' असा कंप. आवाज दरीभर फिरत होता. थोड्या वेळाने दुसरा नर पलीकडच्या झाडावर आला, आणि भांडण जुंपेल म्हणून आम्ही सरसावून बसलो. काहीच झालं नाही. दोघंही खाली उतरले आणि एकाच बेटात चरायला लागले.

हे विचित्र वाटतं, कारण वीण म्हटली की हद्द आलीच असं आपण धरून चालतो. त्याच जंगलात टिट हे चिमुकले पक्षी आणि वटवट्ये एकमेकांच्या अंगावर धावून जात होते. त्यांचं बरोबर आहे. पिल्लांना अळ्या भरवायच्या, तर घरट्याभोवतीची झाडं आपल्या ताब्यात हवीत. फिंच कुळातल्या बहुतेकांचं गणित निराळं. बी एका झाडावर मोप असतं आणि पुढच्या डोंगरावर काहीच नसतं. असल्या अन्नाची हद्द राखून उपयोग काय? म्हणून नर राखतो ती आपली मादी आणि घरट्याच्या आसपासची थोडी जागा. चरायला सगळे मिळून जातात, प्रसंगी लांबसुद्धा.

मंगळवार : तुंगनाथ

तुंगनाथला जाणं ओघानेच आलं. चोपत्यापासून फरसबंद वाट, साडेतीन किलोमीटरच्या आसपास, देऊळ ३६८० मीटरवर. वनखात्याची पावती फाडली आणि उजाडता उजाडता चढायला लागलो. ३३०० मीटरच्या सुमाराला जंगल संपतं. शेवटच्या फर आणि खर्सूनंतर बुटका बुरांश, आणि मग मोकळं बुग्याल, म्हणजे उंचावरचं गवताळ कुरण.

याच सीमेवर पिंक-ब्राउड रोझफिंच दिसले. भुवई आणि पोट गुलाबी, आणि बसायला नेमकी झुडपाची वरची काडी. त्यांची वीण अजून सुरू व्हायची होती. जुलै-ऑगस्टमध्ये, बुग्यालातल्या वनस्पतींना बी धरलं की ते झुडपात घरटी करतात. देवळाच्या वरच्या अंगाला प्लेन माउंटन फिंचचा थवा गवतात चरत होता, मळकट तपकिरी, चिमण्यांत चिमणी. नाव फिंच असलं तरी जंगलाशी त्याचं देणंघेणं नाही. घरटंसुद्धा जमिनीवर, दगडाच्या आडोशाला करतो.

मोनाल हा हिमालयातला रंगीत रानकोंबडाही दिसला, सगळ्या ग्रुपने त्याच्यावरच कॅमेऱ्याचं कार्ड भरलं. वरच्या चंद्रशिला शिखरापर्यंत गेलो, ढग आले, परत फिरलो.

बुधवार : घरटं

सोमवारच्या जागीच पुन्हा गेलो. भुलाला खात्री होती की ती जोडी घर बांधते आहे, कारण मादी एकसारखी एकाच दिशेने उडत होती. खर्सूच्या फांद्यांवर दगडफुलासारखे लायकेनचे लोंबते झुपके असतात, गढवालीत त्याला झूला म्हणतात. मादी त्यातला झुपका चोचीने ओढायची. एका ओढीत निघाला तर ठीक, नाही तर पाय रोवून, मान मागे घेऊन झटका द्यायची. तो तुटला की दाढी लावल्यासारखी चोचीत लोंबता ठेवून दरीच्या बाजूला भुर्रकन जायची. नर मागोमाग. पण नराने काडीसुद्धा उचलली नाही. तो आपला सोबत यायचा, ती काम करी तोवर जवळच्या फांदीवर बसायचा आणि तिच्याबरोबर परतायचा. आमच्यातल्या ताई म्हणाल्या, "याला नुसतं मिरवायला हवं." अन्याय झाला त्याच्यावर, ते पुढे कळलं.

घरटं शोधायला डोंगराच्या उताराची मदत झाली. फरचं झाड सरळसोट, घरटं बारा-पंधरा मीटर उंचावर. सपाटीवर असतं तर खालून मान मोडली असती आणि दिसल्या असत्या नुसत्या फांद्या. इथे झाड दरीत उभं आणि आम्ही वर पायवाटेवर, त्यामुळे घरट्याची उंची आणि आमच्या डोळ्यांची उंची एक. मधलं अंतर साठ-सत्तर मीटर. स्कोप लावला आणि आडव्या फांदीवर, खोडापासून हातभर अंतरावर, वाटीची कड दिसली. वरून पुढच्या फांदीचा पसारा, पाऊस आणि गारांपासून आयतं छप्पर. बाहेरून वाळक्या काटक्या, त्यांत शेवाळ आणि झूला गुंफलेला. खोडावरही तसलंच लायकेन असल्यामुळे घरटं आणि खोड वेगळं काढता येत नव्हतं. आत बारीक मुळ्या आणि गवताच्या काड्या जायच्या होत्या, तेच काम चालू होतं. मादी आत बसायची, छाती कडेला दाबायची, थोडी फिरायची, पुन्हा दाबायची. वाटीचा गोल तिच्याच छातीच्या मापाचा होतो तो असा.

या जातीत अंडी सहसा दोन किंवा तीन, फिकट हिरवट-राखाडी, वर गडद रेघा-ठिपके. ती बघायचा प्रश्नच नव्हता.

दुपारी बाराच्या पुढे मादी घरट्यात बसून राहिली. नर आला. ती पंख थरथरवत, पिल्लासारखी तोंड वासून पुढे झुकली आणि त्याने गळ्यातून काढून तिला भरवलं. एकदा नव्हे, चोचीला चोच लावून पाच-सहा वेळा. फिंचच्या नराची कामगिरी ही अशी असते. अंड्यांवर बसते मादी, आणि त्या सगळ्या काळात तिचं बरंचसं पोट नराच्या फेऱ्यांवर चालतं. ताईंनी आपले शब्द मागे घेतले.

पिल्लांचंही या कुळात असंच. चॅफिंचसारखे थोडे सोडले तर फिंच कुळातले बहुतेक पक्षी पिल्लांना मुख्यतः बियांवर वाढवतात. सोललेलं, गळ्यात भिजून मऊ झालेलं बी ओकून भरवतात. जोडीला किडे असतात, पण भिस्त बियांवर. पक्ष्यांत हे फार दुर्मीळ. एरवी दाणे खाणारी चिमणीसुद्धा पिल्लांना अळ्याच भरवते. याचा परिणाम घरट्याभोवतीच्या हालचालीवर दिसतो. टिटची जोडी दर दोन-चार मिनिटांनी अळी घेऊन येते, म्हणून तिचं घरटं पटकन सापडतं. फिंच गळाभर बी साठवून एकदाच येतो, सगळ्यांना भरवतो आणि मग बराच वेळ फिरकत नाही. जंगलात तासन् तास बसूनही त्याचं घरटं हाती लागत नाही ते यामुळे. आम्हाला मिळालं कारण बांधणी चालू होती. अंडी घातल्यावर आलो असतो तर वरून शीळ ऐकून परत गेलो असतो.

चारच्या सुमारास पायवाटेवर दुसरा एक ग्रुप आला, मोठमोठ्या लेन्सवाला. त्यांच्यातल्या एकाने फोनवर ग्रोसबीकचीच शीळ लावली, नर ताबडतोब शेंड्यावर आला आणि बेचैन होऊन इकडून तिकडे उडायला लागला. मग दुसऱ्याने भुलाला विचारलं, घरट्यापुढची ती फांदी जरा बाजूला करता येईल का? भुला शांतपणे म्हणाला, "साहब, यह सैंक्चुरी है." आमच्याने मात्र गप्प राहवलं नाही, दोन शब्द झाले. वन्यजीव संरक्षण कायद्यात पक्ष्याचं घरटं किंवा अंडी यांना इजा करणं हे शिकारीतच मोडतं, हे लाखाच्या लेन्स घेऊन फिरणाऱ्या माणसाला माहीत नसावं? फांदी बाजूला केली की फोटो स्वच्छ येतो आणि त्याच वाटेने कावळ्याला घरटं दिसतं. आम्हीसुद्धा मग तिथे थांबलो नाही. बघे गेले तर मादी पुन्हा कामाला लागेल, एवढंच.

गुरुवार : गारा

दुपारी एकला आभाळ फाटलं. गारा पडल्या त्या बोराएवढ्या, अंगण पांढरं. खोलीत बसून ह्यूमचा विषय निघाला. अ‍ॅलन ऑक्टेव्हियन ह्यूम, काँग्रेसच्या स्थापनेत पुढाकार घेणारा इंग्रज अधिकारी. आपल्याला तो शाळेच्या इतिहासात भेटतो. पण सिमल्याच्या घरी त्याने हिंदुस्थानातल्या पक्ष्यांचे हजारो नमुने, घरटी आणि अंडी जमवली होती. १८८५ साली काँग्रेस स्थापन झाली, आणि त्याच वर्षी त्याचा तो प्रचंड संग्रह ब्रिटिश म्युझियमकडे गेला. त्याच्याही आधी, १८३१ मध्ये, व्हिगर्स या प्राणिशास्त्रज्ञाने लंडनमध्ये बसून आमच्या या ग्रोसबीकचं शास्त्रीय वर्णन केलं, ते हिमालयातून गेलेल्या कातड्यांवरून. या पक्ष्यांच्या विणीबद्दलची बरीच मूळ माहिती अशा अंडी गोळा करणाऱ्यांच्या टिपणांतून आलेली आहे. आज अंडी उचलणारा माणूस तुरुंगात जाईल, आणि जावाच. पण ती टिपणं नसती तर मे ते जुलै हा हंगाम, घरट्याची उंची, अंड्यांचा रंग, यातलं काही आपल्याला घरबसल्या कळलं नसतं. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत.

गारा थांबल्यावर चोपत्याजवळच्या कांचुला खर्ककडे गेलो. ओल्या खर्सूत मऊ, खालच्या पट्टीतली शीळ, आणि मग रेड-हेडेड बुलफिंचची जोडी. नराचं डोकं नारिंगी, चोचीभोवती काळा पट्टा, अंग राखाडी, उडताना कंबर पांढरीशुभ्र. हा ग्रोसबीकसारखा गर्जत नाही. पाच फुटांवर बसलेला असला तरी लक्षात येत नाही, कारण हालतच नाही. एका जागी बसून कळ्या कुरतडत राहतो. बुरांश फुललेला असतो तेव्हा फुलांतला रसही पितो. बुलफिंचच्या तोंडात विणीच्या काळात गळ्याशी पिशवी तयार होते, पिल्लांसाठी बी साठवायला. ती बाहेरून अर्थातच दिसली नाही.

परतताना घरट्याकडे लांबूनच नजर टाकली. गारांनी रस्त्यावर फांद्या पडल्या होत्या, पण मादीची राखाडी पाठ वाटीच्या कडेवर दिसत होती.

शुक्रवार : उखीमठ

सकाळी उतरलो. उखीमठच्या वर शेतांच्या कडेला हिमालयन ग्रीनफिंच, काळपट डोकं, पिवळी भुवई, तारेवर ओळीने बसलेले. वीण सगळ्यात उशिरा करतात ते हेच. पाऊस अर्ध्यावर आला, काटेरी रानफुलांना आणि शेताकडेच्या भांगेला बी धरलं की देवदारासारख्या झाडांवर त्यांची घरटी होतात, आणि पिल्लं उडेपर्यंत कधी कधी शरद उजाडतो. एकाच डोंगरावर मेमध्ये ग्रोसबीक, जुलै-ऑगस्टमध्ये रोझफिंच, त्यानंतर ग्रीनफिंच, असा हा क्रम ज्याच्या त्याच्या बीप्रमाणे लागतो. क्रॉसबिल हा शंकूंतलं बी खाणारा फिंच तर त्याहून पुढचा. शंकू भरपूर असतील तर तो ऐन हिवाळ्यातही अंडी घालतो. तो या खेपेला दिसला नाही.

कुणाला जायचं असेल तर मेचा शेवटचा आठवडा आणि जूनचा पहिला, पाऊस लागायच्या आत. चोपत्यात तंबूंची गर्दी असते, त्यापेक्षा दुगलबिट्टा किंवा मंडलला राहावं. जंगलात शिरायचं ते साडेपाचच्या आत, कारण नऊनंतर रस्त्यावर हॉर्न सुरू होतात. स्कोप न्या, फोनवरच्या शिळा घरी ठेवा. आणि वाटाड्या गावातलाच घ्या. घरटं कोणत्या फांदीवर आहे हे भुलाने आम्हाला दाखवलं, पण त्या लेन्सवाल्यांना तो शेवटपर्यंत पलीकडचंच झाड दाखवत राहिला.